ठकुबाईची साक्ष

भोरच्या बाजारपेठेत हौदाशेजारी एका कायमच्या बंद दुकानाची दगडी पायरी होती. त्या पायरीवर ठकुबाई शेंगा विकायला बसे. मी मुन्सफ कचेरीत कारकून होतो आणि दिवसातून चार वेळा तिच्यासमोरून जात होतो. असा मी एकोणीस वर्षं गेलो, पण तिचं नाव मला ठाऊक नव्हतं. मी तिला ‘ए शेंगावाली’ म्हणत असे. पेठेतले बाकीचे सभ्य लोक तेवढंही म्हणत नसत, नुसता रुमाल पुढं करत.

ती मूळची हिर्डोशीच्या वरच्या अंगाला असलेल्या धनगरवाड्यावरची. अठरा सालच्या मानमोडीच्या तापाच्या साथीत तिचा नवरा गेनू गेला आणि त्याच पावसाळ्यात शेरडंही रोगानं गेली. मग बाळाबाई नावाच्या तान्ह्या पोरीला पाठीशी बांधून ती डोंगर उतरून चालत भोरला आली आणि त्या पायरीवर बसली. चुलीवर कढई, कढईत वाळू, वाळूत शेंगा. शेजारी मापाला एक पत्र्याचं चिपटं. एवढाच तिचा पसारा. पोर तिथंच वाढली, तिथूनच तिचं लग्न झालं आणि ती सारोळ्याला नांदायला गेली. ठकुबाई पायरीवरच राहिली.

तिला एक सवय होती. शेंगा हलवताना तिचा हात कढईत असे आणि डोळे रस्त्यावर. डोंगरात ज्याचं लक्ष चुकलं त्याचं शेरडू वाघरू नेतं. चाळीस शेरडांत कुठलं लंगडतंय, कुठलं दुसऱ्याच्या रानात तोंड घालतंय, हे तिथं न मोजता कळावं लागतं. तिची शेरडं गेली, पण डोळा तसाच राहिला. समोर पेठ होती, ती तिनं राखायला घेतली. पेठेला याचा पत्ता नव्हता.

आमची पेठ फार अब्रूदार. सावळारामशेट कापडवाले हे तिचं भूषण. त्यांच्या दुकानावर ‘स्वदेशी कापडाचे विश्वासू व्यापारी’ अशी हातभर अक्षरांची पाटी होती आणि दुकानाच्या आतल्या खोलीत ओळखीच्या गिऱ्हाइकांसाठी दुसरं कापड होतं. समोर मानसिंगरावांचं चहाचं दुकान आणि त्यांच्या सर्व्हिस मोटारीचा अड्डा. मोटार आठला सुटते असं फळ्यावर लिहिलेलं होतं. ती दहाला सुटे आणि मानसिंगराव म्हणत, ‘आठच वाजलेत, घड्याळ पुढं गेलंय.’ या दोघांचं एकमेकांशी पटत नसे. पण भांडणही उघड नसे, कारण दोघेही प्रतिष्ठित. रस्त्यात भेटले की दोघं इतका लवून नमस्कार करत की बघणाऱ्याला भीती वाटे.

सदतीस साली आमच्या वाचनालयाला नवी खोली बांधून झाली. उद्घाटनाला पुण्याहून एक पेन्शनर रावबहादूर यायचे होते. भोरला रावबहादूर काही रोज येत नाहीत, तेव्हा पेठेत कमान उभारायचं ठरलं. स्वागत समिती नेमली. अध्यक्ष सावळारामशेट. उपाध्यक्ष कोण, यावर पहिली बैठक मोडली. दुसरीत मानसिंगराव उपाध्यक्ष झाले. कमानीचा एक पाय शेटच्या दारात आणि दुसरा मानसिंगरावांच्या दारात रोवायचा, म्हणजे मान सारखा, एवढं ठरायला आणखी तीन बैठका लागल्या. अखेर आदल्या दिवशी वेळूचे वासे आले, आंब्याचा डहाळा आला, दोन्ही पायांना केळीचे खुंट बांधले आणि वर ‘सुस्वागतम्’ लावलं. छान दिसत होती कमान.

दुसऱ्या दिवशी दुपारी बारा वाजता रावबहादुरांची मोटार पेठेत शिरली. वाजंत्री वाजू लागली. ड्रायव्हरनं भोंगा दिला. आणि भोंग्याबरोबर कमान अंग टाकून खाली बसली.

देवदयेनं रावबहादुरांना इजा झाली नाही. फक्त एक वासा त्यांच्या पगडीला लागला आणि पगडी हौदात गेली. बोडक्यानं भाषण करणार नाही असं त्यांनी सांगितलं. मग शेटच्या दुकानातलं एक नवं उपरणं डोक्याला गुंडाळून ते सव्वा तास ‘शिस्त’ या विषयावर बोलले. आम्ही सगळे मान खाली घालून ऐकत होतो. मान वर केली असती तर हसू आलं असतं.

तिसऱ्या दिवशी सावळारामशेटनी फिर्याद दिली, की मानसिंगरावांनी द्वेषबुद्धीनं कमान पाडून गावाची बेअब्रू केली. चौथ्या दिवशी मानसिंगरावांनी उलट फिर्याद दिली. तिच्यात मजकूर तोच होता, फक्त नावांची अदलाबदल होती. नकलून घेताना मला फारसे कष्ट पडले नाहीत.

तपास हवालदार चिमाजीकडे आला. त्यानं पेठेतल्या अकरा जणांचे जबाब घेतले. अकराही जण म्हणाले, ‘आम्ही रावबहादुरांच्या मोटारीकडे बघत होतो.’ कमान इतकी उंच, मोटार इतकी बुटकी, पण कमानीकडे कोणीच बघितलेलं नव्हतं. मग दोन्ही वकिलांनी आपापल्या साक्षीदारांची यादी दिली. दोन्ही याद्यांत एकच नाव होतं. खरं तर नाव नव्हतंच. ‘हौदाजवळील शेंगावाली बाई’ असं लिहिलेलं होतं.

आता पेठेला तिचं नाव विचारावं लागलं. पहिल्यांदा शेट गेले. हे सगळं मला तिनंच पुढं सांगितलं. शेट तिच्या पायरीशी उभे राहिले, इकडंतिकडं बघितलं आणि म्हणाले, ‘काय ठकुबाई, बरं आहे ना?’

‘बरं हाय. किती देऊ?’

‘शेंगा नकोत. तुझ्यासाठी एक लुगडं काढून ठेवलंय. तू मानसिंगला बघितलंस ना त्या दिवशी? खरं तेच सांगायचं. खऱ्याला भ्यायचं नाही.’

‘लुगडं ऱ्हाऊ द्या शेट. कचेरीत नेसून जायाला माझं हाय.’

शेट गेले आणि तासाभरानं मानसिंगराव आले. ते घरंदाज, त्यामुळं उभ्या उभ्या न बोलता पायरीच्या टोकावर रुमाल टाकून बसले. ‘मावशी,’ ते म्हणाले, ‘तुम्ही त्या सावळ्याला बघितलंत. बघितलंत ते सांगा. आमच्या मोटारीत तुम्हाला जन्मभर बसायला मोकळीक. वाडीला जावा, यावा.’

‘मोटार आमच्या वाडीला जात न्हाई मालक. निम्म्यावर उतरून चालायचंच हाय. मंग हितनंच चाललेलं बरं.’

दोघांनाही खात्री होती. शेटनी मानसिंगरावांना काहीतरी करताना पाहिलं होतं आणि तेव्हा पायरीवर ही बाई होती. मानसिंगरावांनी शेटना काहीतरी करताना पाहिलं होतं आणि तेव्हाही पायरीवर ही बाई होती. पण आपण स्वतः जे केलं तेव्हा तिथं कोणीच नव्हतं, असं दोघंही मनापासून मानत होते.

खटल्याच्या दिवशी कचेरीत मुंगीला शिरायला वाट नव्हती. मुन्सफसाहेब नुकतेच बदलून आलेले होते, तरुण आणि चष्मेवाले. लहानसहान फौजदारीही त्यांच्याकडेच असे. ठकुबाई आली, चपला नव्हत्याच, तरी उंबऱ्याशी पाय पुसून आत आली. मी नाव विचारलं, नवऱ्याचं नाव विचारलं, वय विचारलं. ‘वय ठाव न्हाई, पर पेठंत एकोणीस वर्सं,’ ती म्हणाली. मी देवाची शपथ घ्यायला सांगितली, ‘खरं सांगेन, खोटं सांगणार नाही.’

‘खरं सांगते,’ ती म्हणाली. मग मुन्सफांकडे वळून, ‘सगळं का थोडं?’

‘सगळं,’ मुन्सफ म्हणाले. पुढं काय वाढून ठेवलंय याची त्या बिचाऱ्यांना काय कल्पना!

शेटचे वकील उठले. ‘बाई, कमान कशी पडली ते सांग.’

‘कवापास्नं सांगू?’

‘पडली तिथपासून.’

‘पडल्याली तर समद्यांनीच बघितली. पडायला कशी लागली ते सांगायचं तर सकाळपास्नं धरावं लागंल.’

वकिलांनी कपाळाला आठ्या घातल्या. मुन्सफांनी लेखणी खाली ठेवली. ‘सांगा बाई, सकाळपासून सांगा. घाई नाही,’ ते म्हणाले.

तिनं एकदा त्यांच्याकडे नीट बघितलं. तिला ‘तुम्ही’ म्हणणारे मानसिंगरावांनंतरचे ते दुसरेच असावेत, आणि यांना तिच्याकडून काही नको होतं.

‘उजाडताना म्या पायरी झाडली,’ ती सांगू लागली. ‘तवा मानसिंगमालक बाहीर आलं. त्येंची मोटार उतारावर हुती. तिचा बिरेक लागत न्हाई—’

मानसिंगरावांचे वकील ताडकन उठले. ‘हरकत आहे. ब्रेकचा या खटल्याशी संबंध नाही.’

‘म्या मोटारीत बसत न्हाई, मला काय त्येचं. पर चाक अडवायला त्येस्नी उटी पायजे हुती. हिकडं बघितलं, तिकडं बघितलं, धोंडा गावंना. मंग कमानीच्या बुडात ठोकलेला धोंडा उपसला आन् चाकाखाली सारला. मोटार ऱ्हायली जाग्यावर. कमान लागली हालायला.’

शेटचा चेहरा उजळला. त्यांचे वकील म्हणाले, ‘बस्स! साक्ष पुरी झाली.’

‘पुरी कशी? आत्ताशी तर उजाडलंया,’ ठकुबाई म्हणाली.

मुन्सफांनी हातानं वकिलांना खाली बसवलं.

‘मालक आत गेलं आन् शेट आलं. स्टुलावर चढलं. कमानीचा पाला त्येंच्या पाटीवर येत हुता, निम्मी पाटी झाकली जात हुती. म्हनून त्येंनी दोरी सोडली आन् कमान हातभर मानसिंगमालकाच्या अंगाला सरकावली. मंग दोरी पुरंना. आत गेलं, कापडाची चिंधी आनली आन् त्या चिंधीनं बांदली. पर ती चिंधी हुती गुळगुळीत. आतल्या खोलीतल्या कापडाची. भाईरच्या जाडंभरड्याला गाठ बसती साहेब. त्या परमुलखातल्या कापडाला बसत न्हाई, आपसूक सुटती.’

मानसिंगराव मांडीवर थाप मारून हसले. शेटनी खिशातला रुमाल काढून तोंड पुसलं. तो रुमाल कुठल्या मुलखातला होता हे बघायला अख्खी कचेरी वाकली.

‘शेटनी तुम्हाला पाहिलं नाही का?’ मुन्सफांनी विचारलं.

‘बघितलं की! दोरीचं दुसरं टोक मीच धरलं हुतं. म्हनले, धर गं जरा.’

‘आणि तरी त्यांनी तुम्हाला साक्षीला बोलावलं?’

‘त्येंच्या ध्यानात न्हाई ऱ्हायलं. मान्सं हौदाला टेकत्यात, पर हौद ध्यानात ठेवत्यात का?’

हे ती रागानं म्हणाली नाही. पाणी खोल आहे का उथळ हे सांगावं, तसं म्हणाली. मुन्सफांनी चष्मा काढून पुसला. मी टाक दौतीत बुडवून बसलो होतो.

‘पुढं?’

‘म्होरं ह्ये लिव्हनारं कारकून आलं.’

माझा टाक थांबला.

‘कचेरीला निघालं हुतं. कचेरी भरून एक घटका झाली हुती, पर त्येंचं रोजचंच हाय. कमानीपाशी उभं ऱ्हायलं. खिशातला लेखणी तासायचा चाकू काढला आन् केळीच्या खुंटाची दोन चांगली पानं कापली. पानं कापताना खुंट बांदल्याली सुतळीबी कापली. ती मातर चुकून. मंग पानं उपरन्याखाली धरून परत घरला गेलं.’

त्या दिवशी माझ्या घरी मेहुणे जेवायला होते. हे मी कोर्टाला सांगावं असं मनात आलं, पण मला कोणी विचारलं नव्हतं.

‘लिहा,’ मुन्सफ माझ्याकडे न बघता म्हणाले.

मी लिहिलं. ‘सदरहू कारकुनाने केळीची पाने दोन कापून नेली, त्या समयी सुतळी तुटली.’ कचेरीत माझं अक्षर सर्वांत चांगलं समजलं जाई. त्या पानावर ते थोडं वाकडं आलेलं आहे.

दरवाज्यात हवालदार चिमाजी उभा होता. त्यानं कमरेचा पट्टा सावरला आणि हळूच एक पाय उंबऱ्याबाहेर टाकला.

‘हवालदारास्नी जाऊ देऊ नका साहेब, त्येंचं ऱ्हायलंय,’ ठकुबाई म्हणाली.

चिमाजीनं पाय आत घेतला.

‘पेठंत जनावर दिसता कामा नये असा त्येंना हुकूम हुता. देवाला सोडलेला बोकड फिरत हुता, त्यो त्येंनी धरला. धरला त्ये ब्येस केलं. पर बांदला कुठं? कमानीलाच. ज्या पायाचा धोंडा काढल्याला, त्याच पायाला. म्या म्हनलं, हवालदार, ह्यो बोकड हितं बांदू नका, ह्येला आंब्याचा पाला दिसतोय, ह्यो वढणार. आन् भोंगा वाजला तर उधळणार. म्या शेरडं राखल्याली हाइत, मला कळतंय.’

‘मग?’

‘त्ये म्हनले, तू शेंगा भाज. आन् च्या प्यायला गेलं. दुपारी भोंगा वाजला.’

एवढं बोलून ती थांबली. पुढचं सगळ्यांनी पाहिलेलंच होतं. फिर्यादी, आरोपी, तपासनीस आणि जबानी लिहून घेणारा, असे चौघं मिळून आम्ही ती कमान पाडली होती, आणि आमच्यापैकी कोणीही कोणाच्या वाईटावर नव्हतं. ज्याला त्याला आपली एक लहानशी सोय करून घ्यायची होती.

‘आणखी कोणाचं राहिलंय?’ मुन्सफांनी विचारलं.

ठकुबाईनं कचेरीवरून सावकाश नजर फिरवली, या टोकापासून त्या टोकापर्यंत. जिथं जिथं नजर गेली तिथं तिथं माणसं आपले जोडे बघू लागली. एका वकिलांना एकाएकी खोकला आला.

‘कमानीचं म्हनाल तर एवढंच,’ ती म्हणाली. ‘बाकीचं कुनी इचारलं तर सांगीन.’

कोणी विचारलं नाही. मुन्सफांनी ओठ दाबून हसू आवरलं. ‘आणि माझं?’

‘तुमी नवं हाय. तुमचं अजून काय न्हाई.’

त्यानंतर दहा मिनिटांत दोन्ही फिर्यादी मागं घेण्यात आल्या. माझ्या नोकरीत इतकी जलद तडजोड मी दुसरी पाहिली नाही. शेट आणि मानसिंगराव कचेरीतून बाहेर पडले ते एकमेकांच्या खांद्यावर हात ठेवून. माणसं एकत्र यायला नेहमी प्रेमच लागतं असं नाही.

खरी मजा पुढं झाली. दुसऱ्या दिवसापासून पेठ बदलली. मानसिंगरावांची मोटार आठच्या ठोक्याला सुटू लागली, त्यामुळं दहा वाजता येणारे सगळे उतारू चुकले. चिमाजी भर उन्हात चौकात उभा राहू लागला आणि तिसऱ्या दिवशी चक्कर येऊन पडला. मी कचेरी भरायच्या आधी पोचायला लागलो, तर शिपायानं दार उघडलेलं नसे. एकादशीला मानसिंगरावांच्या दुकानातली भजी कोणी खाईना. आणि मग अब्रूदार लोकांनी पेठेतून जाणंच सोडलं. नदीकडच्या मागच्या गल्लीत, जिथं पूर्वी गाढवं बसत, तिथं आता वकील, शिक्षक, वैद्य दाटीवाटीनं चालू लागले. भेटलं की म्हणत, ‘जरा मोकळी हवा.’ हवा कसली, चिखल होता.

पेठेत शुकशुकाट झाला. शेटच्या दुकानात माशी फिरकेना. तेव्हा तिला तिथून उठवायचा बूट निघाला. ‘सदर बाईमुळे रहदारीस अडथळा होतो’ असा अर्ज शेटच्या आतल्या खोलीत तयार झाला. मसुदा मीच केला, हे कबूल करतो. पण पहिली सही कोण करणार? शेट म्हणाले, मानसिंगरावांनी करावी. मानसिंगराव म्हणाले, अध्यक्षांचा मान. उद्या चौकशी झाली, अडथळा कोणी पाहिला असं विचारलं, आणि त्या बाईला पुन्हा बोलायला उभं केलं तर? अर्ज सहा दिवस या घरातून त्या घरात फिरला. तो अखेर एकाही सहीवाचून माझ्याकडे आला. मी तो चुलीत घातला.

मग एका सकाळी शेट स्वतः हौदापाशी गेले. मी शेंगा घ्यायला उभा होतो, त्यामुळं हे मी कानांनी ऐकलं.

‘ठकुबाई,’ शेट म्हणाले, आणि आवाजात खरंच विनवणी होती, ‘तू बस, कायम बस. फक्त जरा रस्त्याकडं पाठ करून बसशील का?’

‘व्हय, बसते की,’ ती म्हणाली आणि तिथल्या तिथं वळून बसली, तोंड हौदाकडं, पाठ पेठेकडं.

ती तीन दिवस तशी बसली. त्या तीन दिवसांत पेठेचा जीव आणखीनच टांगणीला लागला. समोरून बघत होती तेव्हा निदान ती कुठं बघतेय ते दिसे. आता ती काय ऐकतेय ते कळेना. माणसं चवड्यांवर चालू लागली. शिवाय गिऱ्हाईक आलेलं तिला दिसेना, शेंगा कढईतच पडून करपू लागल्या आणि करपल्याचा धूर सरळ शेटच्या कापडात जाऊ लागला. चौथ्या दिवशी शेट येऊन म्हणाले, ‘बाई, फिर हो परत.’

ती फिरली. हळूहळू माणसंही मागच्या गल्लीतून पेठेत आली. मोटार पुन्हा दहाला सुटू लागली, चिमाजी सावलीत गेला. मीही पूर्वीच्या वेळेवर आलो. एवढं मात्र झालं, की जो तो जाताना ‘काय ठकुबाई’ म्हणून जाऊ लागला. यात आदर किती आणि भीती किती ते मला सांगता येणार नाही. माझ्यापुरतं म्हणाल तर निम्मं निम्मं.

या सगळ्यात एकाच माणसानं तिला धीटपणे विचारलं. सावळारामशेटच्या पत्नी साळूबाई. त्या एरवी माडीवरून खाली उतरत नसत. त्या दिवशी डोक्यावरून पदर घेऊन आल्या, पायरीवर तिच्या शेजारी बसल्या, ओच्यात शेंगा घेतल्या आणि म्हणाल्या, ‘कचेरीत तू कापडाचं सांगितलंस. आमच्या ह्यांचं आणखी काय काय बघितलंयस, ते मला सांग. मी कोणाला बोलणार नाही.’

ठकुबाईनं कढई उतरवून ठेवली. ‘वैनी, कचेरीनं देवाची आन घातली हुती, म्हनून बोलले. आन् कमानीचंच बोलले. तुमी घरातलं इचारताय.’

‘मग ते खरं नाही का?’

‘खरं असंल. पर त्ये बघायला तुमास्नी डोळं हाइत. माझं उसनं कशापायी घेताय?’

साळूबाईंनी ओच्यातली एक शेंग फोडली. मग शेंगा सोलता सोलता त्या आपलंच सांगू लागल्या. ठकुबाई ऐकत राहिली. त्यानंतर आठ-पंधरा दिवसांनी एकदा त्या पायरीवर दिसत. काय बोलणं होई ते मला माहीत नाही. मी कान देऊन बघितलं, पण दोघी हळू बोलत.

लढाई सुरू झाली आणि मोटारींना तेल मिळेना, तेव्हा पेठेतली रहदारी कमी झाली. बाळाबाईला तिसरं बाळंतपण अवघड गेलं, म्हणून ठकुबाई सारोळ्याला गेली ती परत आली नाही. पायरी काही दिवस रिकामी राहिली. मग तिथं एक पानवाला आला. तो बडबड्या होता, त्यामुळं त्याच्याकडून कोणाला काही धोका नव्हता.

मी पेन्शनीत निघाल्यावर शिरवळला भाच्याच्या लग्नाला चाललो होतो. सारोळ्याला नीरेच्या पुलाअलीकडं मोटारीचं चाक बसलं. उतरून बघतो तो रस्त्याच्या कडेला लिंबाखाली ठकुबाई. केस पांढरे झालेले, पुढं उकडलेल्या शेंगांची पाटी.

‘कारकून,’ तिनं लांबूनच ओळखलं. ‘या. बसा.’

मी तिच्याशेजारी दगडावर बसलो. पेठेतलं सगळं सांगितलं. शेटनी पाटी बदलली, मानसिंगरावांनी दुसरी मोटार घेतली, चिमाजी जमादार झाला. ती मान हलवत होती, पण तिला त्यात काही नवल दिसलं नाही.

‘इथं काय दिसतं?’ मी विचारलं.

‘हितं काय दिसनार! मोटारी भुर्रकन जात्यात. मानूस बघावा तवर त्यो पुलाच्या पल्याड.’ थोड्या वेळानं ती म्हणाली, ‘त्ये मुन्सफसाहेब कुठं हाइत?’

‘त्यांची बदली झाली. कुठं झाली ते मला ठाऊक नाही.’

‘चांगला मानूस. सकाळपास्नं सांगा म्हनला, आन् सकाळपास्नं ऐकून घेतलं.’

तिची जबानी मी शब्दन् शब्द लिहून घेतली होती. लिहिणं आणि ऐकणं ही दोन निराळी कामं आहेत, हे मला पेन्शनीत निघाल्यावर कळत होतं.

चाक बसवून झालं. ड्रायव्हरनं हाक मारली. ठकुबाईनं दोन ओंजळी शेंगा माझ्या उपरण्याच्या शेवात बांधल्या आणि गाठ नीट आवळली. मी मोटारीत चढून खिडकीशी बसलो, तशी ती उठून जवळ आली.

‘टरफलं मोटारीत टाकू नका,’ ती म्हणाली. ‘डायवरला झाडावं लागतंय.’

मी शिरवळपर्यंत टरफलं मुठीत धरून बसलो होतो.